डूहान आठ आठवड्यांत परतला होता हे खरं, पण पुढचं ऐका

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मुलगा १९ वर्षांचा, मोटरसायकल रेसिंगचा दुसराच हंगाम. चेन्नईजवळच्या इरुंगट्टुकोट्टईच्या ट्रॅकवर सरावात पडला आणि गुडघ्याखालची दोन्ही हाडं मोडली. आत रॉड बसवलाय. सहा आठवड्यांनी पुढची फेरी आहे आणि त्याला उतरायचंच आहे. घरचे नको म्हणाले की तो ऑस्ट्रेलियाचा जुना रेसर मिक डूहानचं नाव पुढे करतो. ‘त्याचा तर पाय कापायची वेळ आली होती, तरी आठ आठवड्यांत गाडीवर बसला आणि पाच वेळा जगज्जेता झाला.’ हे कितपत खरं, आणि मुलाला काय सांगायचं, असं तुम्ही विचारलंय.

मी डॉक्टर नाही. आठ वर्षं रेस केली आणि गेली सव्वीस वर्षं पुण्यात रेसच्या गाड्या तयार करतोय, पोरांना शिकवतोय. हाडाबद्दल तुमचे सर्जन सांगतील तेच खरं. डूहानबद्दल मात्र मी खात्रीने बोलू शकतो. मी ट्रॅकवर होतो ती सगळी वर्षं त्याच्या राज्याची होती. केबलवर अधूनमधून रेस दिसायची, बाकी परदेशी मासिकांचे जुने अंक हातोहात फिरायचे, त्यातलं त्याचं प्रत्येक पान आम्ही वाचून काढलेलं.

तुमचा मुलगा म्हणतो त्यातला शब्द न् शब्द खरा आहे. पण ‘आठ आठवड्यांत परतला’ आणि ‘जगज्जेता झाला’ या दोन वाक्यांच्या मध्ये दोन वर्षं आहेत, आणि ती तो गाळतोय. डूहानची खरी गोष्ट त्या दोन वर्षांतच आहे. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

मायकल ऊर्फ मिक डूहानचा जन्म ४ जून १९६५चा, ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलंडचा. गोल्ड कोस्टच्या बाजूला वाढला. सुरुवात मातीच्या ट्रॅकवर. तिथे मागचं चाक सरकतं ठेवूनच वळायचं असतं, त्यामुळे चाक सरकण्याची भीती लहानपणीच निघून जाते. पुढे यामाहाच्या सुपरबाइकवर आला. १९८८ साली जागतिक सुपरबाइक मालिका नुकतीच सुरू झाली होती. त्यात जपानमधल्या सुगोला एक आणि सिडनीजवळच्या ओरान पार्कला दोन्ही रेस याने जिंकल्या. लगेच १९८९ला होंडाने त्याला ५०० सीसीच्या ग्रां प्रीमध्ये घेतलं, म्हणजे आज जिला मोटोजीपी म्हणतात त्या सर्वांत वरच्या वर्गात. वय २३. तुमच्या मुलाला हे आवर्जून सांगा: जो पुढे पाच वेळा जगज्जेता झाला, तो वर्ल्ड ग्रां प्रीच्या ट्रॅकवर पहिल्यांदा उतरला तेव्हा २३ वर्षांचा होता आणि पहिलं विजेतेपद मिळालं तेव्हा २९ वर्षांचा. १९व्या वर्षी एक हंगाम गेला म्हणून कुणाचं आयुष्य जात नाही.

आता ती गाडी कशी होती हे कळल्याशिवाय पुढचं कळणार नाही. होंडा एनएसआर ५००. चार सिलिंडरचं, व्ही आकाराचं टू-स्ट्रोक इंजिन. वजन १३० किलोच्या आसपास आणि ताकद पावणेदोनशे हॉर्सपॉवरच्या पुढे. आपल्याकडे ज्या आरएक्स १००वर आमच्या पिढीने हात साफ केला, ती शंभर किलोची आणि अकरा हॉर्सपॉवरची. म्हणजे वजन जेमतेम तीस किलो जास्त, पण ताकद सोळापट. त्यात टू-स्ट्रोकचा स्वभाव असा की खालच्या आरपीएमला गाडी गप्प असते आणि एका ठरावीक टप्प्यावर सगळी ताकद एकदम सुटते. गाडी वळणात झुकलेली असताना ती सुटली की मागचं चाक बाहेर सरकतं. घाबरून थ्रॉटल बंद केला की तेच चाक एकदम पकड घेतं आणि गाडी स्वाराला वर फेकून देते. याला हायसाइड म्हणतात. आज गाडीचा कॉम्प्युटर चाक घसरायच्या आत ताकद कमी करतो. तेव्हा ते काम फक्त उजव्या मनगटाचं होतं. त्या काळातल्या ५०० सीसीच्या बहुतेक मोठ्या स्वारांच्या अंगात कुठे ना कुठे प्लेट होती, याचं कारण हेच.

पहिला विजय १९९०ला हंगेरीत. त्या वर्षी एकूण तिसरा. १९९१ला अमेरिकेच्या वेन रेनीच्या मागे दुसरा, आणि त्याच वर्षी स्वतःच्याच देशाच्या वेन गार्डनरबरोबर जपानमधल्या सुझुकाची आठ तासांची रेस जिंकली. मग आलं १९९२.

त्या वर्षी होंडाने इंजिनात एक बदल केला. चारही सिलिंडर समान अंतराने पेटण्याऐवजी सगळे एकापाठोपाठ, क्रँकच्या, म्हणजे इंजिनच्या मुख्य फिरत्या दांड्याच्या, साधारण ६८ अंशांच्या फिरण्यात पेटायचे आणि उरलेल्या फेऱ्यात इंजिन मोकळं फिरायचं. याला बिग बँग म्हणतात. झटका मोठा, पण दोन झटक्यांच्या मधल्या वेळात टायरला पुन्हा रस्ता धरायला उसंत मिळायची. त्या गाडीवर डूहानने हंगामाच्या पहिल्या चारही रेस जिंकल्या: सुझुका, ईस्टर्न क्रीक, शाह आलम, हेरेस. पुढच्या दोन रेसमध्ये दुसरा. मग हॉकेनहाइमला पुन्हा पहिला. तेव्हा पहिल्याला २० गुण, दुसऱ्याला १५, आणि गुण फक्त पहिल्या दहांनाच. सात रेसनंतर डूहानचे १३० गुण, रेनीचे ६५. बरोब्बर दुप्पट. सहा रेस बाकी. विजेतेपद त्याच्या खिशात असल्यातच जमा होतं.

आणि जूनमध्ये नेदरलँड्सच्या आसेन ट्रॅकवर, पात्रता फेरीच्या सत्रात तो पडला. उजव्या पायाची गुडघ्याखालची हाडं मोडली. तुमच्या मुलाची मोडली आहेत तीच.

मोडणं हे मोठं संकट नव्हतं. असे पाय दरवर्षी मोडायचे. संकट नंतर आलं. पोटरीच्या स्नायूंभोवती चिवट आवरण असतं, ते ताणलं जात नाही. आत सूज वाढली की दाब वाढतो आणि रक्तच आत जाईनासं होतं. तसं झालं. स्नायू मरायला लागले, पाय कापावा लागेल अशी वेळ आली. ग्रां प्रीच्या फिरत्या दवाखान्याचे इटालियन डॉक्टर क्लाउडिओ कोस्टा यांनी त्याला विमानाने तिथून हलवलं आणि इटलीला नेलं. तिथे त्यांनी जे केलं ते ऐकून आजही अंगावर काटा येतो: दोन्ही पाय एकमेकांना शिवून टाकले. चांगल्या डाव्या पायाचं रक्त उजव्या पायाला मिळावं म्हणून. जवळपास दोन आठवडे तो तसा पडून होता. पाय वाचला.

इकडे रेस चालूच होत्या. आसेनला रेनीसुद्धा दुखापतीमुळे उतरला नव्हता, म्हणून तिथे फरक कमी झाला नाही. पण पुढे हंगेरीत पाचवा, फ्रान्समध्ये पहिला, ब्रिटनमध्ये दुसरा असं करत रेनीने ४३ गुण मिळवले. डूहान १३०वर थांबलेला, रेनी १०८वर आलेला, फरक २२चा. उरल्या दोन रेस: ब्राझील आणि दक्षिण आफ्रिका. म्हणून डूहान उठला.

तुमचा मुलगा ज्या परतण्याबद्दल बोलतो ते हे. ऑगस्टच्या शेवटी, अपघातानंतर सुमारे आठ आठवड्यांनी, साओ पाउलोच्या इंटरलागोस ट्रॅकवर. काठीसारखा झालेला पाय घेऊन तो १३० किलोच्या त्या राक्षसावर बसला. धैर्याबद्दल बोलायचं तर माझ्याकडे शब्द नाहीत. पण निकाल बघा. ब्राझीलमध्ये बारावा. गुण शून्य. रेनी पहिला, २० गुण. दोन आठवड्यांनी दक्षिण आफ्रिकेत कायलामीला डूहान सहावा, ६ गुण. रेनी तिसरा, १२ गुण. शेवटचा हिशेब: रेनी १४०, डूहान १३६. चार गुणांनी विजेतेपद गेलं.

हा हिशेब कागदावर मांडून मुलासमोर ठेवा. त्याच्या मनातला डूहान म्हणजे आठ आठवड्यांत परतून जिंकलेला माणूस. खरा डूहान आठ आठवड्यांत परतला आणि हरला. जगातली सर्वांत वेगवान गाडी, सर्वांत चांगले तंत्रज्ञ, चोवीस तास हाताशी डॉक्टर, आणि वेदना सोसण्याची अशी ताकद की पुढे तिच्याच गोष्टी झाल्या. एवढं सगळं असून बारावा. कारण ट्रॅकला तुमची जिद्द दिसत नाही, ब्रेकवर किती जोर पडला तेवढंच कळतं.

अर्थात, त्याने तेव्हा उतरणं चूक होतं असं मी म्हणणार नाही. त्याच्या हातात २२ गुणांची आघाडी होती, जगज्जेतेपद दोन रेसवर होतं. त्या जागी मी असतो तर मीही प्रयत्न केला असता. तुमच्या मुलापुढे तसं काय आहे, हा प्रश्न त्याने प्रामाणिकपणे स्वतःला विचारावा.

आता ती गाळलेली वर्षं. १९९३चा हंगाम डूहानच्या चाहत्यांनाही फारसा आठवत नाही, मला मात्र तोच सर्वांत महत्त्वाचा वाटतो. पाय जोडला गेला पण घोटा जवळपास आखडला होता. रेसच्या गाडीवर मागचा ब्रेक उजव्या पायाने दाबतात. पुष्कळ पोरांना वाटतं की मागच्या ब्रेकचं रेसमध्ये काही काम नाही, सगळं पुढच्या ब्रेकवर असतं. गाडी थांबवण्यापुरतं ते खरं आहे. पण वळणातून बाहेर पडताना मागचं चाक किती सरकू द्यायचं, पुढचं चाक किती उचलू द्यायचं, हे मागच्या ब्रेकच्या हलक्या स्पर्शाने आवरता येतं. मातीवर वाढलेल्या स्वाराला हे अंगवळणी असतं. डूहानचं ते हत्यारच गेलं होतं.

तेव्हा त्याच्यासाठी डाव्या हँडलवर, क्लचच्या खाली, अंगठ्याने दाबायचा मागचा ब्रेक बसवला गेला. थंब ब्रेक. दिसायला छोटी पट्टी, पण मेंदूला सगळं नव्याने शिकवायचं होतं. जे काम वीस वर्षं उजव्या पावलाने केलं, ते आता डाव्या अंगठ्याने, आणि तेही गाडी पन्नास-पंचावन्न अंशांत झुकलेली असताना. मी एकदा आमच्या वर्कशॉपमधल्या एका सराव गाडीवर तशी पट्टी बसवून पाहिली होती. पहिले तीन दिवस माझा अंगठा आणि क्लचची बोटं एकमेकांना ओळखत नव्हती. सरळ रस्त्यावर जमलं, वळणात जमेना. दहाव्या-बाराव्या दिवशी कुठे हात आपोआप जायला लागला. आणि मी साध्या चौथ्या गिअरच्या वेगाने चालवत होतो. त्याने हे ५०० सीसीवर, जगातल्या सर्वोत्तम स्वारांच्या गर्दीत शिकून घेतलं.

आणि इथे एक विलक्षण गोष्ट झाली, जी तुमच्या मुलाला मी समोर बसवून सांगितली असती. उजव्या वळणात स्वार उजवीकडे झुकतो. तेव्हा उजवं पाऊल फुटपेग (पाय ठेवायची खुंटी) आणि रस्ता यांच्यामध्ये इतकं अडकलेलं असतं की पायाचा ब्रेक नीट दाबताच येत नाही. धडधाकट स्वारांनाही नाही. अंगठ्याच्या ब्रेकला ती अडचणच नाही. डाव्या वळणात आणि उजव्या वळणात तो सारखाच हाती. मोडक्या पायाची सोय म्हणून आलेलं साधन धडधाकट पायापेक्षा सरस ठरलं. आज मोटोजीपीमधले कित्येक स्वार, ज्यांचे पाय अगदी ठणठणीत आहेत, अंगठ्याने चालणारा मागचा ब्रेक वापरतात. त्याची सुरुवात आसेनच्या त्या अपघातात आहे.

पण हे सगळं जुळायला वर्ष गेलं. १९९३मध्ये डूहान पूर्ण वर्षात फक्त एक रेस जिंकला, मुगेलोला. अमेरिकेत लागुना सेकाला पुन्हा पडून खांदा दुखावून घेतला. एकूण क्रमवारीत चौथा. लोक म्हणायला लागले, संपला हा. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये मिसानोला वेन रेनी पडला आणि छातीखाली कायमचा लुळा झाला. ज्याने चार गुणांनी विजेतेपद नेलं होतं तो पुन्हा कधी उभा राहिला नाही. या खेळात आपण काय पणाला लावतो हे मुलाला ठाऊक असेलच, पण १९व्या वर्षी ते फक्त ठाऊक असतं, जाणवत नाही. मलाही जाणवलं नव्हतं.

१९९४. चौदा रेस. डूहानने नऊ जिंकल्या. उरलेल्या पाचांत तो दुसरा किंवा तिसरा. म्हणजे संपूर्ण वर्षात एकदाही पोडियमच्या खाली नाही. ३१७ गुण, आणि दुसरा आलेल्या लुका कादालोराचे १७४. त्या नऊ विजयांत आसेनही होतं. जिथे पाय गेला होता तिथेच, दोन वर्षांनी. मला आजही त्या हंगामाची आकडेवारी वाचली की छाती भरून येते. पडून उठण्याच्या गोष्टी पुष्कळ असतात. उठल्यावर पहिल्यापेक्षा चांगला झालेला माणूस फार विरळा.

पुढची वर्षं झरझर सांगतो. १९९५ला सात विजय, १९९६ला आठ, दोन्ही वेळा विजेतेपद. १९९७ हे शिखर: पंधरापैकी बारा रेस, त्यातल्या दहा सलग. एका हंगामात बारा विजयांचा तो विक्रम २०१४ला मार्क मार्केझने तेरा जिंकून मोडला, म्हणजे सतरा वर्षं टिकला. १९९८ला मॅक्स बियाजी नव्याने ५०० सीसीत आला आणि पहिलीच रेस जिंकून बसला. वर्षभर त्याने डूहानला घाम फोडला, पण विजेतेपद पुन्हा डूहानचंच, तेही फिलिप आयलंडला घरच्या लोकांसमोर. सलग पाचवं. कारकिर्दीत ५०० सीसीतले ५४ विजय.

१९९७बद्दल मात्र थोडं थांबतो, कारण गाड्या बांधणारा म्हणून मला ते सर्वांत आवडतं. बिग बँग इंजिन स्वाराला सोपं होतं हे वर सांगितलं. १९९७ला डूहानने उलट वाट धरली. जुन्या पद्धतीचं, समान अंतराने पेटणारं, किंचाळणारं इंजिन मागून घेतलं. त्याला स्क्रीमर म्हणतात. टायरवर ते जास्त कठोर, हाताळायला अवघड. बाकीचे होंडा स्वार सोप्या इंजिनावर राहिले. डूहानचा विचार असा दिसतो की जे इंजिन सगळ्यांना सोपं, त्यात माझं वेगळेपण उरत नाही. मला अवघड चालवता येतं, तर अवघडच द्या. आणि बारा जिंकल्या. अंगठ्याच्या ब्रेकशिवाय हे इंजिन त्याला आवरता आलं असतं का, याबद्दल मला शंका आहे.

आणि त्याच्यामागचा माणूस. जेरेमी बर्जेस, त्याचा मुख्य तंत्रज्ञ, तोही ऑस्ट्रेलियाचाच. या जोडीची ख्याती अशी की गाडीचं सेटिंग उगाच बदलायचं नाही. एकदा पाया बसला की तोच धरून ठेवायचा, नवा भाग आला तरी आधी सिद्ध होऊ द्यायचा. आमच्याकडे येणारी पोरं दर सत्रानंतर सस्पेन्शनला चावी लावतात. लॅप वाईट गेला की गाडीत दोष शोधतात. मी त्यांना सांगतो, गाडी स्थिर ठेवली तरच स्वारातला बदल मोजता येतो. डूहान निवृत्त झाल्यावर बर्जेस आणि त्याची बरीचशी टीम २०००पासून इटलीच्या व्हॅलेंटिनो रोसीकडे गेली, आणि रोसीने पुढे किती विजेतेपदं घेतली ते तुमच्या मुलाला माझ्यापेक्षा जास्त पाठ असेल.

शेवट १९९९चा. मे महिना, हेरेस. ट्रॅक ओलसर होता, रंगवलेल्या पांढऱ्या पट्टीवर टायर गेला आणि डूहान पुन्हा पडला. पाय, मनगट, खांद्याचं हाड. या वेळी मात्र तो आठ आठवड्यांत परतला नाही. त्या वर्षीचं विजेतेपद त्याचा सहकारी आलेक्स क्रिव्हियेने घेतलं आणि डूहानने निवृत्ती जाहीर केली. १९९२चा हट्टी डूहान सगळ्यांना प्रिय आहे. १९९९ला थांबलेला डूहानही मला तितकाच मोठा वाटतो. मुलगा जॅक वाढवला, तो २०२४च्या शेवटी अबू धाबीला फॉर्म्युला वनमध्ये उतरला. फिलिप आयलंडच्या पहिल्या वळणाला मिक डूहानचं नाव आहे.

आता तुमच्या घरातल्या प्रश्नाकडे येतो.

आधी माझं सांगतो. १९९८च्या नोव्हेंबरमध्ये सरावात माझा डावा घोटा मोडला. आत दोन स्क्रू बसवले. डॉक्टरांनी तीन महिने म्हटलं होतं, मी पाच आठवड्यांनी ट्रॅकवर गेलो. गोळ्या घेऊन. कुणी भरीला घातलं नव्हतं, निर्णय माझाच. डाव्या पायाने गिअर बदलतात. चौथ्या लॅपला सरळ रस्त्याच्या शेवटी पाऊल वर उचललं गेलंच नाही, गाडी गिअरमध्ये पडली नाही, इंजिन मोकळं ओरडलं आणि मी सरळ मातीत गेलो. स्क्रू निघाले. पुढचा सबंध हंगाम गेला. आजही मला पंगतीत मांडी घालून बसता येत नाही, देवळात खांबाला टेकून पाय लांब करून बसतो. वाईट याचंच वाटतं की त्या रेसमध्ये मला मिळण्यासारखं काहीही नव्हतं. पंधरावा येणार होतो तो सोळावा आलो असतो.

मुलाला ‘नाही’ म्हणू नका. या वयात नाही म्हटलं की तो मित्राच्या गाडीने चेन्नईला जाईल. त्याला चाचणी द्या, आणि ती पास झाला तर जा म्हणा. सर्जनने हाड भरल्याचं एक्स-रे बघून लिहून दिल्याशिवाय तीही नाही. मी माझ्याकडच्या पोरांची घेतो ती अशी. गाडी पॅडॉक स्टँडवर, म्हणजे चाक उचलून धरणाऱ्या स्टँडवर, उभी करायची. पूर्ण लेदर सूट, हेल्मेट आणि रेसचे बूट घालून त्यावर बसायचं, आणि वीस मिनिटं डावीकडून उजवीकडे, उजवीकडून डावीकडे, खऱ्या लॅपसारखं अंग टाकत राहायचं. बूट काढल्यावर पाऊल सुजलं असेल तर चाचणी संपली. रेसचा बूट घट्ट असतो, सूज आतच राहते, आणि अर्ध्या रेसनंतर पावलाला ब्रेक किंवा गिअरचं लिव्हर जाणवेनासं होतं. मग त्याच कपड्यांत दुखऱ्या पायावर एकट्याने दहा उड्या. आणि शेवटी, पडलेली गाडी उचलून पन्नास पावलं ढकलत नेऊन कमरेइतक्या भिंतीवरून पलीकडे जायचं. हे शेवटचं बऱ्याच जणांना विचित्र वाटतं. पण ट्रॅकवर पडल्यावर पहिलं काम स्वतःहून बाजूला होणं. तुमच्या मुलाच्या वर्गात वीसेक पोरं सारख्याच गाड्यांवर एका झुंडीत पहिल्या वळणात शिरतात. जो पडल्यावर उठून पळू शकत नाही, तो मागून येणाऱ्याचाही जीव धोक्यात घालतो. ते मागून येणारं पोरही कुणाचं तरी एकुलतं एक असतं. आणि कोणतीही चाचणी किंवा रेस वेदनाशामक घेऊन नाही. दुखणं दाबलं की त्याबरोबर पावलाची जाणीवही दबते.

माझ्या अनुभवात सहा आठवड्यांत हे कुणालाही जमलेलं नाही. चार-पाच महिन्यांत जमलेली पोरं आहेत, आणि त्यातली दोन नंतर आधीपेक्षा वेगवान झाली.

मधल्या काळात त्याला रिकामं बसवू नका, तिथेच खरी गडबड होते. डूहानचा १९९३ त्याला करू द्या. फिजिओथेरपी चालू असतानाच मांड्या आणि पोटाचे स्नायू कमवायचे, म्हणजे ब्रेक मारताना अंगाचा भार टाकीला मांड्यांनी धरता येतो, पायावर कमी येतो. डॉक्टरांनी परवानगी दिली की स्थिर सायकल. त्याच्या स्वतःच्या रेसचे व्हिडिओ काढून प्रत्येक वळणाला तो मागचा ब्रेक नेमका कुठे सोडतो, थ्रॉटल कुठे उघडतो, हे वहीत लिहायला लावा. पडलेला तो लॅपसुद्धा. बहुतेक पोरं आपण का पडलो हे न शोधताच परत येतात आणि त्याच वळणात पुन्हा पडतात.

टीममधली जागा जाईल ही भीती त्याच्या मनात असणार, ती तो बोलून दाखवणार नाही. टीमच्या प्रमुखाशी तुम्ही स्वतः बोला. दुखापतीत पूर्ण बरा होऊन येईन म्हणणारा स्वार चांगल्या टीमला हवाच असतो, कारण तो गाड्या मोडत नाही.

एक गोष्ट तुम्ही प्रश्नात लिहिली नाही, आणि माझं पुढचं उत्तर तिच्यावरच अवलंबून आहे. पाय कुठला, डावा की उजवा? डावा असेल तर गिअरचं लिव्हर किती वर-खाली करायचं आणि गिअरची दिशा उलटी करून घ्यायची का, ते सांगतो. उजवा असेल तर फुटपेग आणि ब्रेकच्या पॅडलमधलं अंतर मोजून कळवा, आणि घोटा किती अंश वाकतोय ते फिजिओथेरपिस्टकडून लिहून घ्या. ते दोन आकडे आले की गाडीला काय करावं लागेल ते मी लिहितो.